कारखान्याचा ताबा बदलल्यावर अडकलेला पगार : दावा कोणावर, कसा आणि कधी करावा

खानदेशात कारखान्याचा मालक बदलणे ही आता नवलाची गोष्ट राहिलेली नाही. चाळीसगाव तालुक्यातील बेलगंगा आणि फैजपूरचा मधुकर हे सहकारी साखर कारखाने थकीत कर्जापोटी जिल्हा बँकेमार्फत विकले गेले. भुसावळ आणि वरणगावच्या आयुध निर्माण्या १ ऑक्टोबर २०२१ पासून सरकारी मंडळाकडून कंपन्यांकडे गेल्या. जळगाव एमआयडीसीतील चटई, पाइप आणि डाळ उद्योगांत भागीदारी मोडणे, युनिट भाड्याने देणे किंवा मुंबई-सुरतच्या पार्टीला विकणे हे नेहमीचेच आहे. अशा बदलात थकलेला पगार मागायला गेलेल्या कामगाराला जुना मालक सांगतो की आता नव्यांकडे जा, आणि नवा मालक सांगतो की ते आमच्या काळातले नाही. या दोन उत्तरांच्या मध्ये महिने निघून जातात, मुदती संपतात आणि शेवटी वीस-वीस वर्षे राबलेला माणूस मिळेल त्या रकमेवर अंगठा उठवून घरी बसतो. हे टाळता येते. त्यासाठी ताबा नेमका कोणत्या कागदाने आणि कोणत्या तारखेला बदलला हे सर्वांत आधी शोधावे लागते, कारण देणे कोणाचे, हे बहुतांशी त्या कागदावरून आणि त्या तारखेवरून ठरते.

ताबा कसा बदलला?

फाटकावरची पाटी बदलली म्हणजे कायद्याच्या दृष्टीने मालक बदललाच, असे नाही. कंपनीचे शेअर एका कुटुंबाकडून दुसऱ्या कुटुंबाकडे गेले, संचालक बदलले, नावही बदलले, तरी कंपनी ही कायदेशीर व्यक्ती तीच राहते आणि तिचे सगळे जुने देणे तिच्याच डोक्यावर राहते. अशा वेळी नवीन संचालकांनी 'मागचे आम्हाला माहीत नाही' असे म्हणण्याला काहीही अर्थ नसतो. तुमचा मालक ती कंपनी आहे आणि ती कुठेही गेलेली नाही. कंपनीचा नोंदणी क्रमांक पगाराच्या जुन्या आणि नव्या पावतीवर एकच आहे का, हे पाहिले की या बाबतीतली बहुतेक शंका मिटते. कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर कंपनीची मूळ माहिती कोणालाही पाहता येते.

याउलट कंपनी तशीच ठेवून तिचा कारखाना, म्हणजे यंत्रे, जमीन, इमारत आणि चालू धंदा, दुसऱ्याला विकला किंवा चालवायला दिला, तर मालक खरोखरच बदलतो. यासाठी औद्योगिक विवाद अधिनियम १९४७ मध्ये कलम २५ एफएफ होते, आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहिता २०२० मध्ये तेच तत्त्व कलम ७३ मध्ये आले आहे. ताबा त्या तारखेच्या आधी बदलला असेल तर जुन्या कायद्याचा आधार घ्यावा, नंतर बदलला असेल तर संहितेचा. दोन्हींचा आशय सारखाच आहे. उपक्रमाची मालकी किंवा व्यवस्थापन, करारामुळे असो वा कायद्याच्या अंमलामुळे, दुसऱ्याकडे गेले, तर त्याआधी किमान एक वर्ष सलग सेवा झालेल्या प्रत्येक कामगाराला, त्याची कपात झाली आहे (म्हणजे त्याला कामावरून कमी केले आहे) असे समजून, नोटीस आणि भरपाई मिळाली पाहिजे. 'व्यवस्थापन' हा शब्द लक्षात ठेवावा, कारण साखर कारखाना विकला नाही, फक्त दहा-पंधरा वर्षांसाठी भाडेतत्त्वावर दिला, तरीही हे कलम लागू होऊ शकते.

या भरपाईतून मालकाची सुटका एकाच परिस्थितीत होते. कामगाराच्या सेवेत खंड पडलेला नसावा, बदलानंतरच्या सेवाशर्ती आधीपेक्षा कोणत्याही बाबतीत कमी नसाव्यात, आणि पुढे कधी कपात झालीच तर जुनी सेवा धरून भरपाई देण्याची कायदेशीर जबाबदारी नव्या मालकाने हस्तांतरणाच्या शर्तींतच स्वीकारलेली असावी. या तिन्ही गोष्टी एकत्र असाव्या लागतात. तीनपैकी एकही नसेल तर भरपाईचा हक्क उभा राहतो. पगार तोच ठेवला, पण नियुक्तिपत्रावर आजची तारीख घातली, तर पहिलीच अट मोडली.

मात्र एक कटू सत्यही मान्य करावे लागते. अनकापल्ली येथील साखर कारखाना सहकारी संस्थेने विकत घेतल्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकातच असे ठरवले की या कलमाखाली कामगाराचा हक्क जुन्या मालकाकडून भरपाई घेण्याचा आहे, खरेदीदाराने आपल्याला कामावर घेतलेच पाहिजे असा हक्क त्यातून मिळत नाही. म्हणून 'नव्या मालकाने आम्हाला घेतले नाही' एवढ्याच मुद्द्यावर सगळी शक्ती खर्च करण्याआधी जुन्या मालकाविरुद्धचा भरपाईचा दावा वेळेत दाखल करावा. त्याच वेळी, इच्छा नसताना कामगाराला नव्या व्यवस्थापनाकडे ढकलता येत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये फिलिप्स कंपनीच्या कामगारांच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे.

आयुध निर्माण्यांचे उदाहरण वेगळे आहे. भुसावळची निर्माणी यंत्र इंडिया या कंपनीकडे आणि वरणगावची म्युनिशन्स इंडियाकडे गेली, पण तेथील कर्मचारी मानीव प्रतिनियुक्तीवर, म्हणजे सरकारी सेवेतच राहून कंपनीकडे पाठवलेले, मानले गेले आणि केंद्र सरकारी सेवेच्या शर्ती त्यांना लागू राहिल्या. खासगी कारखान्यातील कामगाराने या उदाहरणाचा आधार घेऊ नये. तेथे संरक्षण शासनाच्या आदेशातून आले आहे, आणि आपल्या बाबतीत ते हस्तांतरणाच्या करारात शोधावे लागते.

ठेकेदार बदलणे हा चौथा प्रकार आहे. दीपनगरच्या वीज केंद्रापासून एमआयडीसीतील गोदामांपर्यंत सुरक्षा, साफसफाई आणि हमालीची कामे ठेक्यावर असतात, टेंडर बदलले की ठेकेदार बदलतो आणि शेवटच्या महिन्याचा पगार व भविष्य निर्वाह निधी अडकतो. येथे कायदा कामगाराच्या बाजूने सरळ आहे. ठेकेदाराने पगार दिला नाही तर तो मुख्य मालकाने, म्हणजे ज्याच्या आस्थापनेत काम चालते त्याने, द्यायचा आणि नंतर ठेकेदाराच्या बिलातून वसूल करायचा. त्यामुळे अर्ज दोघांच्या नावाने करावा, आणि जुन्या ठेकेदाराचे अंतिम बिल व अनामत रक्कम सुटण्याच्या आत करावा.

कागद कुठून मिळवायचे

विक्री किंवा भाडेपट्टा नोंदणीकृत असेल तर दुय्यम निबंधक कार्यालयातून त्याची इंडेक्स टू (दस्ताच्या नोंदीचा उतारा) आणि दस्ताची नक्कल मिळते. दस्तात 'कामगारांची देणी' असा परिच्छेद आहे का, ती कोणत्या तारखेपर्यंत कोणी द्यायची, हे शब्दश: वाचावे. बँकेने लिलाव केला असेल तर वर्तमानपत्रात आलेली जाहीर नोटीस कापून ठेवावी. 'जसे आहे तसे' या शब्दांच्या पुढे वैधानिक देण्यांबद्दल काय लिहिले आहे, तेथेच बऱ्याचदा उत्तर सापडते. सहकारी कारखान्यावर अवसायक (संस्था गुंडाळण्यासाठी नेमलेला अधिकारी) नेमलेला असेल तर त्याच्या नेमणुकीचा आदेश सहकार खात्याकडून मिळवावा. सहकारी संस्था स्वतः माहिती अधिकाराच्या कक्षेत येतेच असे नाही, पण निबंधक आणि पुण्याचे साखर आयुक्तालय ही सरकारी कार्यालये आहेत आणि त्यांच्याकडील कागद माहिती अधिकारात मागता येतात.

आपल्या बाजूचे कागद बहुधा घरातच असतात. नियुक्तिपत्र, कायम केल्याचा आदेश, पगाराच्या पावत्या, हजेरी कार्ड, ईएसआयसीचे कार्ड, बोनसची पावती आणि पगार जमा होत असलेल्या खात्याचे पासबुक यांची एक फाइल करावी. पगारपावती कधी मिळालीच नसेल तर पासबुकातील नोंदी हाच सर्वांत भक्कम पुरावा असतो. बँकेत जाऊन मागील तीन-चार वर्षांचे विवरण शिक्क्यासह घ्यावे. रोखीने पगार घेणाऱ्यांची अडचण मोठी असते, तरीही वेतन संहितेने, म्हणजे पगाराबाबतच्या नव्या केंद्रीय कायद्याने, एक दिलासा दिला आहे. पगार दिला नाही असा दावा कामगाराने केला तर तो दिला हे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर आहे. कामगाराला तेथे काम केल्याचे दाखवता आले की पुढचे ओझे मालकाकडे जाते.

भविष्य निर्वाह निधीचे पासबुक मात्र आजच, हा लेख वाचून होताच, उघडून पाहावे. यूएएन (निधीचा कायमचा खाते क्रमांक) तोच असला तरी नवा मालक आल्यावर बहुधा नवीन सभासद क्रमांक तयार होतो. जुन्या क्रमांकासमोर सेवा सोडल्याची तारीख आणि नव्या क्रमांकासमोर रुजू झाल्याची तारीख असते. या दोन तारखांमध्ये एखादा महिना सुटलेला असेल, किंवा सोडण्याचे कारण 'राजीनामा' असे भरलेले असेल, तर तुमच्या नकळत सेवेत खंड नोंदवला गेला आहे. दहा वर्षांच्या पेन्शनपात्र सेवेवरही त्याचा परिणाम होऊ शकतो, म्हणून त्या नोंदीला लगेच लेखी हरकत घ्यावी. निधीची थकबाकी असेल तर १९५२ च्या भविष्य निर्वाह निधी कायद्याचे कलम १७ बी उपयोगी पडते. हस्तांतरणाच्या तारखेपर्यंतच्या वर्गणीसाठी जुना आणि नवा मालक दोघेही संयुक्तपणे जबाबदार असतात, नव्याची जबाबदारी त्याला मिळालेल्या मालमत्तेच्या किमतीपुरती असते. पगाराच्या बाबतीत नवा मालक हात वर करू शकतो, निधीच्या बाबतीत त्याला ते इतके सोपे नाही. जळगाव, धुळे आणि नंदुरबारच्या तक्रारी नाशिकच्या क्षेत्रीय कार्यालयाकडे जातात.

सही करण्याआधी

ताबा बदलण्याच्या आठवड्यात कामगारांना एकेक करून ऑफिसात बोलावले जाते आणि तीन प्रकारचे कागद पुढे ठेवले जातात. माझ्या मते बहुतेक दावे कोर्टात हरत नाहीत, ते या टेबलावर हरतात, म्हणून यावर थोडे विस्ताराने लिहितो.

पहिला कागद राजीनाम्याचा असतो. 'फक्त फॉर्मॅलिटी आहे, उद्यापासून नव्या कंपनीत घेणारच आहोत' असे सांगितले जाते. राजीनामा दिला की कपात राहत नाही, आणि कपात राहिली नाही की भरपाई राहत नाही. तुमची सलग सेवा नव्याकडे जाणार असेल तर राजीनाम्याची गरजच नसते, म्हणून तो मागितला जातो यावरूनच सेवा तोडायची आहे हे ओळखावे. राजीनामा न देता 'हस्तांतरणास माझी हरकत नाही, मात्र माझी मूळ रुजू तारीख आणि सर्व सेवाशर्ती कायम राहतील या अटीवर' असे लिहून द्यावे.

दुसरा कागद 'फुल अँड फायनल'चा. त्यावर एक ठोक रक्कम असते आणि खाली 'यापुढे माझे काहीही येणे नाही' असे छापलेले असते. रक्कम कशाची किती, याचा तपशील मागितल्याशिवाय त्यावर सही करू नये. घरात आजारपण असते, मुलांची फी भरायची असते आणि पैसे घ्यावेच लागतात, ही वस्तुस्थिती मी नाकारत नाही. अशा वेळी पावतीवर स्वतःच्या अक्षरात एक ओळ लिहावी : 'माझे उर्वरित सर्व कायदेशीर हक्क अबाधित ठेवून ही रक्कम स्वीकारत आहे.' ती ओळ लिहू देत नसतील तर रक्कम बँकेत जमा करण्यास सांगावे आणि त्याच दिवशी त्याच आशयाचे पत्र टपालाने पाठवावे. दोन्ही बाजूंच्या सह्या झालेल्या पावतीचा मोबाइलवर फोटो घ्यावा.

तिसरा कागद नवीन नियुक्तिपत्राचा. त्यात रुजू होण्याची तारीख, प्रोबेशनचा उल्लेख, बदलीची अट आणि पगाराची फोड या चार जागा नीट पाहाव्यात. हातात येणारी रक्कम तीच ठेवून मूळ वेतन कमी आणि भत्ते जास्त केले तर आज काही जाणवत नाही, पण निधी आणि ग्रॅच्युइटी घटते. नव्या संहितांमध्ये वगळलेले भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्यापेक्षा जास्त झाले तर वरचा भाग वेतनातच धरायचा, असा नियम आल्यामुळे या युक्तीला बऱ्याच अंशी आळा बसला आहे. कायम कामगाराला ठेकेदाराच्या मस्टरवर टाकणारे पत्र असेल तर ते स्वीकारूच नये. पगार किंवा भत्ते प्रतिकूलरीत्या बदलायचे असतील तर २१ दिवस आधी नोटीस देण्याचे बंधन मालकावर आहे, ते जुन्या कायद्यात कलम ९ ए मध्ये होते आणि आता संहितेच्या कलम ४० मध्ये आहे.

बोनसबद्दल एक खास सावधगिरी. नवे मालक अनेकदा सांगतात की आमची कंपनी नवीन आहे, पहिली पाच वर्षे नफा असल्याशिवाय बोनस लागू नाही. नव्याने स्थापन झालेल्या उद्योगाला अशी सवलत १९६५ च्या बोनस कायद्यात जरूर होती, पण केवळ जागा, व्यवस्थापन, नाव किंवा मालकी बदलली म्हणून उद्योग नवीन ठरत नाही, असा खुलासा त्याच कलमात, कलम १६ मध्ये, होता. तोच त्यांना दाखवावा.

हिशेब मांडणे

'आमचे पैसे द्या' या मागणीला उत्तर देणे टाळता येते, आकड्यांच्या तक्त्याला टाळता येत नाही. म्हणून प्रत्येक येणे वेगळे मांडावे.

समजा एका पाइप कारखान्यातील ऑपरेटरचे मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून दरमहा १८,००० रुपये आहे, सेवा ११ वर्षे ८ महिने झाली आहे, ताबा बदलण्याआधीचा तीन महिन्यांचा पगार थकला आहे आणि नव्या मालकाने त्याला घेतलेले नाही. थकीत पगार ५४,००० रुपये झाला. कपातीची भरपाई प्रत्येक पूर्ण वर्षाला आणि सहा महिन्यांहून अधिक उरलेल्या भागाला १५ दिवसांच्या सरासरी वेतनाने धरतात, म्हणून येथे १२ वर्षे धरायची, आणि ९,००० गुणिले १२ म्हणजे १,०८,००० रुपये येतात. महिनाभराची लेखी नोटीस दिली नसेल तर तिच्याऐवजी आणखी १८,०००. ग्रॅच्युइटीसाठी मात्र महिना २६ दिवसांचा धरतात : १८,००० भागिले २६, गुणिले १५, गुणिले १२, म्हणजे सुमारे १,२४,६१५ रुपये. कपातीची भरपाई आणि ग्रॅच्युइटी हे दोन स्वतंत्र हक्क आहेत, एक दिली म्हणून दुसरी माफ होत नाही, आणि ठोक रकमेत नेमकी हीच गल्लत केली जाते. यात शिल्लक भरपगारी रजेचे रोखीकरण, बोनस आणि वेतनकरारातील फरकाची थकबाकी वेगळी मिळवावी. या ऑपरेटरचे येणे रजा आणि बोनस सोडूनच तीन लाखांच्या वर जाते, आणि 'फुल अँड फायनल'च्या पाकिटात काय असते ते वाचकांना सांगायला नको.

सेवा चालू राहिली असेल तर ग्रॅच्युइटी आज मागायची नसते, ती शेवटी नव्या मालकाकडून पूर्ण सेवेवर घ्यायची असते. त्यासाठी मूळ रुजू तारीख मान्य असल्याचे नव्या मालकाचे पत्र जपून ठेवावे. साखर कारखान्यातील कामगारांनी राज्यस्तरीय त्रिपक्षीय वेतनकराराची प्रत हाताशी ठेवावी. हंगामी कामगारांचा रिटेन्शन भत्ताही (हंगाम बंद असतानाचा भत्ता) येण्यात धरावा, तो अनेकांच्या तक्त्यातून सुटतो.

मागणीपत्र

तक्ता झाला की जुना आणि नवा अशा दोन्ही मालकांना एकच मागणीपत्र पाठवावे, आणि बँक, अवसायक किंवा मुख्य मालक असेल तर त्यांनाही प्रत द्यावी. मजकूर साधा असावा :

'मी आपल्या कारखान्यात दिनांक … पासून … या पदावर कायम कामगार म्हणून काम करत आहे. दिनांक … रोजी कारखान्याची मालकी / व्यवस्थापन … यांच्याकडे हस्तांतरित झाले आहे. सोबतच्या तक्त्यानुसार माझी एकूण रक्कम रुपये … येणे आहे. ही रक्कम देण्याची जबाबदारी आपणांपैकी कोणी, किती आणि कोणत्या कराराच्या आधारे स्वीकारली आहे ते १५ दिवसांच्या आत लेखी कळवावे आणि रक्कम अदा करावी. माझी सेवा सलग असून मी राजीनामा दिलेला नाही.'

शेवटचे वाक्य वगळू नये. पत्र स्पीड पोस्टाने पाठवावे. २०२५ मध्ये नोंदणीकृत टपाल स्पीड पोस्टात विलीन झाले आहे, त्यामुळे पोस्टात पोच मिळणारी सेवा मागून घ्यावी. पावती आणि ऑनलाइन पोच नोंद फाइलला लावावी. उत्तर आले नाही तरी हरकत नाही, त्या मौनाचाही पुढे उपयोग होतो.

कोणाकडे आणि किती दिवसांत

निव्वळ थकलेल्या पगारासाठी वेतन संहितेच्या कलम ४५ खाली प्राधिकाऱ्यासमोर अर्ज करता येतो. मुदत तीन वर्षांची आहे, अनेक कामगारांचा मिळून एकच अर्ज चालतो, नोंदणीकृत युनियनही तो करू शकते, आणि प्राधिकारी मूळ रकमेखेरीज दहापटीपर्यंत भरपाई देऊ शकतो. या संहितेत 'कर्मचारी' या शब्दात व्यवस्थापकीय कामे करणारेही येतात, म्हणून सुपरवायझर, अकाउंटंट आणि शिफ्ट इंचार्ज यांनी 'आपण कामगार नाही' असे समजून घरी बसू नये. कपातीची भरपाई मात्र औद्योगिक संबंध संहितेतील कामगारालाच मिळते, आणि देखरेखीचे काम करून दरमहा १८,००० रुपयांपेक्षा जास्त वेतन घेणारा त्या व्याख्येबाहेर जातो. पदाचे नाव काय आहे यापेक्षा प्रत्यक्ष काम काय आहे याला महत्त्व असते, त्यामुळे नावापुरत्या सुपरवायझरने आपल्या रोजच्या कामाचा पुरावा जमवावा.

भरपाई, सेवेतील खंड आणि बदललेल्या सेवाशर्ती यांचा वाद सहायक कामगार आयुक्तांच्या कार्यालयात नेतात. तेथे आधी समेटाची कार्यवाही चालते. समेट फसला की पूर्वी शासनाने प्रकरण कोर्टाकडे पाठवण्याची वाट पाहावी लागत असे. आता अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत पक्षकार स्वतः न्यायाधिकरणाकडे जाऊ शकतात. अनुचित कामगार प्रथेची तक्रार करायची असेल, उदाहरणार्थ करार न पाळणे, तर महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यात प्रसंग घडल्यापासून ९० दिवसांची मुदत आहे. मी प्रत्येकाला हेच सांगतो की कोणती मुदत लागू होते या चर्चेत न पडता ताबा बदलल्याच्या तारखेपासून ९० दिवसांची खूण कॅलेंडरवर करावी आणि त्याच्या आत वकिलाला किंवा युनियनला फाइल दाखवावी. गरजूंना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना त्यासाठी उत्पन्नाची अटही नाही.

कंपनी नादारीत गेली असेल तर हे सगळे मार्ग थांबतात. नादारी व दिवाळखोरी संहिता २०१६ खाली कार्यवाही सुरू होताच कंपनीविरुद्धच्या दाव्यांना आणि वसुलीला स्थगिती येते. अशा वेळी कामगार कार्यालयात चकरा मारण्यात दिवस घालवू नयेत. जाहीर नोटिशीत दिलेल्या मुदतीत, जी सामान्यतः १४ दिवसांची असते, रिझोल्यूशन प्रोफेशनलकडे (नादारीच्या काळात कंपनीचा कारभार पाहणाऱ्या व्यक्तीकडे) फॉर्म डी भरून दावा नोंदवावा. कंपनी सावरण्याच्या योजनेत समाविष्ट नसलेले दावे ती योजना मंजूर झाल्यावर संपुष्टात येतात, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ठरवले आहे, म्हणून येथे उशीर म्हणजे हक्कच गमावणे. महाराष्ट्रातील कंपन्यांची ही प्रकरणे मुंबईच्या राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात चालतात, पण दावा ईमेलने पाठवता येतो. त्यासाठी जळगावहून मुंबईला जावे लागत नाही. कंपनी अवसायनात निघाली तर त्याआधीच्या २४ महिन्यांची कामगारांची देणी तारण असलेल्या बँकांच्या बरोबरीने येतात, इतर कर्मचाऱ्यांचा १२ महिन्यांचा पगार त्यानंतर येतो, आणि भविष्य निर्वाह निधी व ग्रॅच्युइटी फंडाची रक्कम तर वाटपाच्या मालमत्तेत धरलीच जात नाही.

सहकारी कारखान्याच्या बाबतीत नादारीची ही पद्धत लागू नसते, पण तेथेही वेळेचे महत्त्व तितकेच आहे. बँकेने लिलाव केला की आलेली रक्कम कर्जखात्यात वळती होते आणि मागे उरलेल्या संस्थेकडे देण्यासारखे काहीच राहत नाही. म्हणून लिलावाची नोटीस येताच, विक्री होण्याच्या आत, कामगारांच्या देण्यांची नावनिशीवार यादी बँक, अवसायक, निबंधक आणि जिल्हाधिकारी यांना लेखी द्यावी आणि विक्रीच्या अटींत त्या देण्यांची तरतूद करण्याची मागणी करावी. हे काम एकट्याने होत नाही, युनियनने किंवा संघर्ष समितीने करायचे असते. यादीवर प्रत्येक कामगाराची सही असावी, निवृत्त आणि मयत कामगारांच्या वारसांची नावेही त्यात असावीत. मयत कामगारांची देणी सर्वांत आधी विसरली जातात, आणि त्यांच्या घरातील बायकांना कारखान्याच्या फाटकावर कोणी ओळख दाखवत नाही.

निकालानंतर वसुली

आदेश मिळाला तरी पैसे आपोआप येत नाहीत. मालकाने रक्कम भरली नाही तर वसुली प्रमाणपत्रासाठी अर्ज करावा. ते जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि जमीन महसुलाची थकबाकी असल्यासारखी वसुली होते. प्रत्यक्ष काम तहसील कार्यालयात होते, आणि तेथे मालकाच्या मालमत्तेचा तपशील कामगाराने स्वतः पुरवला तरच प्रकरण पुढे सरकते. म्हणून जुन्या मालकाच्या नावावरील गट क्रमांकांचे सातबारे, एमआयडीसीतील प्लॉट क्रमांक, बँक खात्यांची माहिती आणि त्याच्या दुसऱ्या फर्मकडून येणे असलेल्या रकमा यांची यादी अर्जासोबत जोडावी. नव्या मालकाने खरेदीच्या किमतीतील काही हप्ते अजून द्यायचे असतील तर तेही यादीत लिहावे, कारण जुन्या मालकाच्या हाती पडण्याआधी ते अडवता येतात. अर्जाचा आवक क्रमांक घ्यावा, दर महिन्याला लेखी स्मरणपत्र द्यावे, आणि तीन महिन्यांत हालचाल झाली नाही तर त्याच आवक क्रमांकाचा हवाला देऊन जिल्हाधिकाऱ्यांच्या लोकशाही दिनात अर्ज लावावा.